खेळ काढला, जागा झाली

संगणकावर जागा कमी पडू लागली की पहिली कुऱ्हाड खेळांवर पडते. शाळेतला संगणकवर्ग असो की घरातला संगणक, अनुभव सगळीकडे सारखाच. खेळ आकाराने मोठे असतात, कामाचे नसतात आणि ते काढले म्हणून मुलांखेरीज कोणी तक्रार करत नाही. दोन-चार वेळा माउस दाबला की पडद्यावरचे चिन्ह नाहीसे होते, मोकळ्या जागेचा आकडा वाढतो आणि आपण समाधानाने पुढच्या कामाला लागतो.

या साध्या कृतीत नेमके काय घडते? खेळ खरोखर पुसला जातो का? तो परत मिळवता येतो का? आणि मुळात त्याने एवढी जागा अडवली तरी का? या प्रश्नांची उत्तरे गेल्या साठ वर्षांत अनेकदा बदलली आहेत. १९६२, १९८४ आणि १९९८ मध्ये खेळ काढून टाकणे या शब्दांचा अर्थ वेगवेगळा होता आणि आज तो आणखी निराळा आहे. हा इतिहास आपण तीन प्रश्न हाती धरून पाहू. खेळ राहत कुठे होता? तो काढायचा म्हणजे काय करावे लागे? आणि काढलेला खेळ परत आणता येई का?

काढण्याची गरजच नव्हती तेव्हा

१९६२ मध्ये अमेरिकेतील मॅसॅच्युसेट्स इन्स्टिट्यूट ऑफ टेक्नॉलॉजी या संस्थेत स्टीव्ह रसेल आणि त्याच्या सहकाऱ्यांनी पीडीपी-१ या संगणकासाठी 'स्पेसवॉर' नावाचा खेळ तयार केला. एका ताऱ्याभोवती फिरणारी दोन अंतराळयाने एकमेकांवर मारा करतात, असा तो खेळ. या संगणकाची मूळ स्मृती ४,०९६ शब्दांची होती आणि प्रत्येक शब्द १८ बिटांचा होता. गुणाकार करून ८ ने भागले, तर उत्तर ९,२१६ बाइट, म्हणजे ९ किलोबाइट येते. आज साध्या छायाचित्रालाही याच्या कित्येक पट जागा लागते.

खेळ कायमचा राहत असे तो छिद्रे पाडलेल्या कागदी पट्टीवर. खेळायचे असेल तेव्हा पट्टी वाचकयंत्रातून सरकवायची. खेळ संपला आणि दुसरे काम करायचे झाले की त्या कामाची पट्टी सरकवायची. नवी आज्ञावली स्मृतीत जुनीच्या जागेवर येऊन बसे. 'काढून टाकणे' नावाची वेगळी क्रियाच नव्हती. पट्टी खणात सुरक्षित असे, आणि हवी त्याला तिची नक्कल करून देता येई.

१९७७ मध्ये बाजारात आलेल्या अटारी कंपनीच्या घरगुती खेळयंत्रातही स्थिती फारशी निराळी नव्हती. खेळ कार्ट्रिज नावाच्या छोट्या पेटीत, न पुसता येणाऱ्या स्मृतीत कोरलेला असे. पेटी यंत्रात खुपसली की खेळ सुरू, उपटून घेतली की खेळ गेला. यंत्राची जागा कधीच भरत नसे. भरत असे ती घरातल्या कपाटाची.

या काळात जागेची काळजी घ्यायची ती खेळ तयार करणाऱ्याने. याचे सर्वात सुंदर उदाहरण 'एलिट' या खेळाचे आहे. इयन बेल आणि डेव्हिड ब्रेबेन या केंब्रिजच्या दोन विद्यार्थ्यांनी तो १९८४ मध्ये बीबीसी मायक्रो या ब्रिटिश संगणकासाठी रचला. आपल्याकडच्या जुन्या शिक्षकांना हा संगणक परिचयाचा असेल. १९८४-८५ मध्ये केंद्र सरकारने शाळांतील संगणक साक्षरतेसाठी 'क्लास' हा प्रकल्प सुमारे २५० शाळांत सुरू केला, तेव्हा त्यासाठी हेच यंत्र निवडले होते.

बीबीसी मायक्रोची स्मृती होती ३२ किलोबाइट, आणि पडद्यावरचे चित्रही त्यातच ठेवावे लागे. 'एलिट'च्या वाट्याला सुमारे २२ किलोबाइट आले. तरीही या खेळात ८ आकाशगंगा आणि प्रत्येकीत २५६ ग्रहमाला, म्हणजे एकूण २,०४८ ग्रहमाला होत्या. प्रत्येकीला नाव होते, राज्यव्यवस्था होती, बाजारभाव होते. एवढी माहिती साठवायला जागा कुठून आणली? उत्तर असे, की ती साठवलीच नव्हती. सहा बाइटांत मावणाऱ्या तीन संख्या 'बीज' म्हणून घ्यायच्या, आधीच्या संख्यांची बेरीज करून पुढची संख्या काढायची, आणि त्या संख्यांवरून ग्रहाचे नाव-गाव ठरवायचे. फिबोनाची श्रेणीशी नाते सांगणारी ही रीत आहे. बीज तेच असले की दर वेळी तेच विश्व उगवते. साठवण्याऐवजी गणित करायचे, असा हा मार्ग होता. संगणकाचा वेळ खर्च करून जागा वाचवण्याची ही युक्ती लक्षात ठेवू. पुढे तिची नेमकी उलटी बाजू पाहायला मिळणार आहे.

हार्ड डिस्क आली आणि सूची आली

चुंबकीय चकत्यांवर माहिती साठवण्याची कल्पना जुनी आहे. आयबीएम कंपनीने १९५६ मध्ये आणलेल्या 'रामॅक' संगणकाच्या साठवणयंत्रात २४ इंच व्यासाच्या ५० चकत्या होत्या, त्याचे वजन एक टनाहून जास्त होते आणि त्यावर ५० लाख अक्षरे मावत. व्यक्तिगत संगणकात मात्र हार्ड डिस्क रुळली ती १९८३ नंतर. त्या वर्षी आलेल्या आयबीएम पीसी एक्स्टी या नमुन्यात १० मेगाबाइटची डिस्क असे. तेव्हाच्या ३६० किलोबाइटच्या साधारण २८ फ्लॉपी तिच्यात मावत. त्याच वेळी आलेल्या डॉस प्रणालीच्या दुसऱ्या आवृत्तीत फाइलींसाठी कप्पे, म्हणजेच उपनिर्देशिका करण्याची सोय झाली.

आता खेळ प्रथमच संगणकात मुक्कामाला राहू लागला, आणि प्रथमच त्याला घराबाहेर काढण्याचा प्रश्न उभा राहिला. डॉसच्या काळात हे काम हाताने करावे लागे. खेळाच्या कप्प्यात जायचे, सर्व फाइली पुसण्याची आज्ञा द्यायची, बाहेर यायचे आणि रिकामा कप्पा मोडायचा. कप्पा आतल्या सामानासकट एका दमात मोडण्याची आज्ञा १९९३ मध्ये डॉसच्या सहाव्या आवृत्तीत मिळाली. 'प्रिन्स ऑफ पर्शिया' किंवा 'डेंजरस डेव्ह' खेळलेल्या पिढीला हे आठवत असेल. सगळा खेळ एका कप्प्यात नांदत असे. कप्पा गेला की खेळ गेला.

पण तो खरोखर जात होता का? इथे डिस्कवरची व्यवस्था समजून घ्यायला हवी. ग्रंथालयाची उपमा घेऊ. पुस्तके कपाटांत असतात आणि कोणते पुस्तक कोणत्या कपाटात आहे हे सूचीतल्या कार्डांवर लिहिलेले असते. डॉसच्या डिस्कवरही दोन गोष्टी असत. एक निर्देशिका, जिच्यात फाइलीचे नाव आणि ती कोणत्या खंडापासून सुरू होते याची नोंद असे. दुसरा वाटपाचा तक्ता, ज्यात या खंडानंतर पुढचा मजकूर कोणत्या खंडात आहे हे लिहिलेले असे. फाइल वाचायची म्हणजे हा पत्ता धरून एका खंडावरून दुसऱ्यावर जायचे.

फाइल पुसण्याची आज्ञा मिळाली की डॉस फक्त दोन गोष्टी करी. निर्देशिकेतील नावाच्या पहिल्या अक्षराच्या जागी २२९ हा संकेतांक लिही, आणि तक्त्यात त्या फाइलीच्या खंडांपुढे शून्य मांडी. शून्य म्हणजे 'ही जागा मोकळी आहे'. मजकूर जिथे होता तिथेच राही. सूचीतले कार्ड फाडले, पण पुस्तक कपाटातच राहिले, असा हा प्रकार. नवे पुस्तक ठेवायला ती जागा लागेल तेव्हाच जुने पुस्तक खऱ्या अर्थाने जाणार.

या व्यवस्थेचे कारण सोपे आहे. एक मेगाबाइटची फाइल पुसताना एक मेगाबाइट कोरा मजकूर लिहीत बसण्यापेक्षा काही बाइट बदलणे कितीतरी जलद होते. तिचा एक अनपेक्षित फायदाही झाला. पीटर नॉर्टन याने १९८२ मध्ये चुकून पुसलेल्या फाइली परत मिळवणारी आज्ञावली विकायला आणली. पुढे १९९१ मध्ये डॉसच्या पाचव्या आवृत्तीत तशी सोय आयतीच मिळाली. ती वापरताना संगणक एक मजेदार प्रश्न विचारी : 'फाइलीच्या नावाचे पहिले अक्षर सांगा.' तेवढेच अक्षर त्याच्याकडून पुसले गेलेले असे! फाइल सलग खंडांत असेल आणि मधल्या काळात तिथे दुसरे काही लिहिले गेले नसेल, तर काढलेला खेळ जसाच्या तसा परत येई.

या सोयीची दुसरी बाजू मात्र गंभीर आहे. सिम्सन गारफिंकेल आणि अभी शेलाट या संशोधकांनी बाजारातून १५८ वापरलेल्या डिस्क विकत घेऊन तपासल्या आणि २००३ मध्ये त्याचा वृत्तांत प्रसिद्ध केला. त्यांपैकी १२९ चालू स्थितीत होत्या, आणि नीट पुसलेल्या निघाल्या फक्त १२. उरलेल्यांत पत्रे, वैद्यकीय नोंदी, क्रेडिट कार्डांचे हजारो क्रमांक मिळाले. जुन्या मालकांपैकी अनेकांनी आपण सारे पुसले, असेच मानले असणार.

न दिसणारी जागा

डॉसच्या तक्त्यात प्रत्येक खंडाचा क्रमांक १६ बिटांचा असे. १६ बिटांत जास्तीत जास्त ६५,५३६ वेगवेगळे क्रमांक लिहिता येतात. म्हणजे डिस्क कितीही मोठी असो, तिचे साधारण एवढेच खंड पाडता येणार. डिस्क मोठी झाली की खंड मोठा करणे भाग पडे. २ गिगाबाइटच्या डिस्कला ६५,५३६ ने भागले, तर एक खंड येतो ३२ किलोबाइटचा. आणि नियम असा, की एका खंडात दोन फाइली राहू शकत नाहीत.

आता समजा, एका खेळात प्रत्येकी २ किलोबाइटच्या १,००० फाइली आहेत. खेळाचा खरा आकार झाला २,००० किलोबाइट. पण प्रत्येक फाइल ३२ किलोबाइटचा खंड अडवून बसते, म्हणून डिस्कवरची जागा गेली ३२,००० किलोबाइट. सोळापट! १९९० च्या दशकाच्या मध्यावर डिस्क मोठ्या होऊ लागल्या तेव्हा ही उधळपट्टी अनेकांना जाणवली. असा खेळ काढला की त्याच्या आकारापेक्षा कितीतरी जास्त जागा मोकळी होई. १९९६ पासून विंडोज ९५ च्या सुधारित आवृत्तीत तक्त्यातील क्रमांकांची लांबी वाढवली गेली आणि खंड पुन्हा लहान झाले.

१० डिसेंबर १९९३ रोजी प्रसिद्ध झालेल्या 'डूम' या गाजलेल्या खेळाने हा प्रश्न वेगळ्या रीतीने टाळला होता. त्यातील चित्रे, आवाज, नकाशे असे सारे सामान एकाच मोठ्या फाइलीत बांधलेले असे. पूर्ण खेळाची ही फाइल सुमारे ११ मेगाबाइटची होती. एका फाइलीत वाया जाऊन जाऊन एखादा अपुरा खंड वाया जाणार.

त्याच सुमारास जागा वाचवण्याचा एक तिसरा मार्गही लोकप्रिय झाला होता. काही काढायचे नाही, सारे दाबून ठेवायचे. स्टॅक इलेक्ट्रॉनिक्स या कंपनीची 'स्टॅकर' ही आज्ञावली डिस्कवरील मजकूर आकुंचित करून ठेवी आणि वाचताना उलगडून देई. मायक्रोसॉफ्टने १९९३ मध्ये डॉसच्या सहाव्या आवृत्तीत तशीच सोय घातली. स्टॅकने एकस्वाचा भंग झाल्याचा दावा लावला आणि फेब्रुवारी १९९४ मध्ये ज्यूरीने १२ कोटी डॉलरची भरपाई ठरवली. त्यानंतर मायक्रोसॉफ्टने ती सोय काढून घेतली आणि काही महिन्यांनी निराळ्या पद्धतीची सोय दिली. डिस्कवरच्या चार जादा मेगाबाइटचे मोल त्या काळी किती होते, याची कल्पना या खटल्यावरून येते.

खेळ सगळ्या घरात पसरला

२४ ऑगस्ट १९९५ रोजी विंडोज ९५ आले आणि परिस्थिती मुळापासून बदलली. डॉसमधला खेळ एका खोलीत राहणाऱ्या पाहुण्यासारखा होता. विंडोजमधला खेळ सगळ्या घरात सामान पसरू लागला. काही फाइली त्याच्या कप्प्यात, काही विंडोजच्या स्वतःच्या कप्प्यात, आणि 'रजिस्ट्री' या मध्यवर्ती नोंदवहीत त्याच्या अनेक नोंदी. खेळाचा कप्पा हाताने पुसला तर हे विखुरलेले सामान मागे राही.

शिवाय काही फाइली सामाईक असत. आवाज काढणे, चित्र दाखवणे यांसारखी कामे करणारी एकच फाइल दोन-तीन आज्ञावली मिळून वापरत. एक खेळ काढताना ती फाइल पुसली, तर दुसरी आज्ञावली बंद पडणार. ठेवली, तर कोणालाच नको असलेले सामान साचणार. यावरचा उपाय सोपा आणि हुशारीचा होता. प्रत्येक सामाईक फाइलीसमोर एक आकडा लिहून ठेवायचा. तिचा वापर करणारी नवी आज्ञावली आली की आकड्यात एक मिळवायचा, गेली की एक वजा करायचा. आकडा शून्यावर आला की 'ही फाइल आता कोणी वापरत नाही, काढू का?' असे विचारायचे. युक्ती चांगली होती, पण ती प्रत्येक खेळाच्या कर्त्याने इमानाने पाळली तरच चालणारी होती. आकडा न वाढवता फाइल वापरणारे महाभाग थोडे नव्हते. म्हणूनच तो प्रश्न पडद्यावर आला की वापरणारा घाबरून 'नको' म्हणे आणि कचरा वाढत जाई.

अशा रीतीने खेळ काढण्यासाठी वेगळ्या आज्ञावलीची गरज निर्माण झाली. इंग्रजीतील 'अनइन्स्टॉल' हा शब्द घरोघरी पोचला तो याच काळात. पण पुसण्याचा अधिकार असलेली आज्ञावली चुकली तर काय होते, याची दोन उदाहरणे इतिहासात नोंदलेली आहेत.

पहिले १९९८ च्या अखेरचे. शिकागोच्या बंजी कंपनीचा 'मिथ २' हा खेळ तयार होऊन विक्रीसाठी निघाला होता. तो काढून टाकणारी आज्ञावली असे गृहीत धरून चाले, की ज्या कप्प्यात खेळ बसवला आहे त्या कप्प्यातले सगळे खेळाचेच आहे. सुचवलेल्या कप्प्यात खेळ बसवला असेल तर हे बरोबर होते. पण एखाद्याने तो डिस्कच्या मुळाशी, म्हणजे कोणत्याही कप्प्याबाहेर बसवला असेल, तर 'कप्प्यातले सगळे' याचा अर्थ होई डिस्कवरचे सगळे! दोष लक्षात येताच कंपनीने प्रती परत मागवल्या आणि लाखो डॉलरचे नुकसान सोसून दुरुस्त आवृत्ती काढली.

दुसरे उदाहरण डिसेंबर २००७ मधले. आइसलँडमधील सीसीपी कंपनीच्या 'ईव्ह ऑनलाइन' या खेळात 'बूट.आयएनआय' नावाची एक फाइल होती. योगायोगाने विंडोज एक्सपी सुरू होताना जी फाइल वाचते तिचेही नाव हेच, आणि ती डिस्कच्या मुळाशी असते. खेळाच्या सुधारित आवृत्तीत स्वतःची जुनी फाइल पुसण्याची सूचना लिहिताना तिच्या पत्त्यातला खेळाच्या कप्प्याचा भाग राहून गेला. पत्ता मुळापासून सुरू झाला आणि पुसली गेली ती विंडोजची फाइल. अनेक खेळाडूंचे संगणक पुढच्या वेळी सुरूच होईनात.

दोन्ही चुका पत्त्याच्या आहेत. 'पाटलांच्या घरातले सामान हलवा' असे सांगताना गावाचे नाव राहिले, तर कोणाचे घर रिकामे होईल ते सांगता येत नाही. संगणक मनातले ओळखत नाही. जो पत्ता लिहिला, तिथे तो जातो. आज्ञावली लिहायला शिकणाऱ्या विद्यार्थ्यांना ही दोन उदाहरणे जरूर सांगावीत, असे आम्हाला वाटते.

वेळ की जागा?

याच काळात सीडी-रॉम आली. एका सीडीवर सुमारे ६५० मेगाबाइट मावत, आणि १९९३ मधल्या बहुतेक घरगुती संगणकांची हार्ड डिस्क याहून लहान होती. त्यामुळे खेळ बसवताना 'थोडा बसवू की पूर्ण?' असा प्रश्न विचारला जाई. थोडा बसवला तर बाकीचा सीडीवरून वाचला जाई, सावकाश पण विनातक्रार. जागा हवी असेल तर खेळ निर्धास्त काढता येई, कारण मूळ प्रत कपाटात असे.

पुढे डिस्क मोठ्या झाल्या आणि खेळ त्यांच्यापेक्षा वेगाने वाढले. २०१४ मध्ये आलेला 'टायटनफॉल' संगणकावर ४८ गिगाबाइट जागा घेई. त्यातले सुमारे ३५ गिगाबाइट फक्त आवाजाचे होते. आवाज आकुंचित न करता ठेवलेला होता, कारण तो उलगडण्याचे काम कमी ताकदीच्या संगणकांना खेळ चालू असताना झेपले नसते. 'एलिट'ने वेळ खर्चून जागा वाचवली होती. इथे जागा खर्चून वेळ वाचवला गेला.

याहून बोलके उदाहरण २०२४ मधल्या 'हेलडायव्हर्स २' चे आहे. संगणकावर हा खेळ वाढत वाढत सुमारे १५४ गिगाबाइटपर्यंत गेला. त्याचे मुख्य कारण पुनरावृत्ती हे होते. फिरत्या चकतीच्या डिस्कवर वाचकशीर्षाला एका जागेवरून दुसरीकडे सरकायला वेळ लागतो. तो वाचावा म्हणून तेच चित्र, तोच आवाज डिस्कवर अनेक ठिकाणी लिहून ठेवला होता. पण तोवर बहुतेक खेळाडूंकडे फिरणारा भाग नसलेल्या, इलेक्ट्रॉनिक डिस्क आल्या होत्या. त्यांना या नकलांचा काहीच उपयोग नव्हता. कर्त्यांनी प्रत्यक्ष मोजून पाहिले, तेव्हा जुन्या डिस्कवरही नकला काढल्याने फक्त काही सेकंद जास्त लागतात, असे दिसले. डिसेंबर २०२५ मध्ये त्यांनी नकला काढलेली आवृत्ती दिली. आकार झाला सुमारे २३ गिगाबाइट. १३१ गिगाबाइट जागा मोकळी झाली आणि खेळातले काहीही कमी झाले नाही.

म्हणजे कर्त्याने आधी न केलेली मोजणी लाखो घरांतल्या डिस्कवर बोजा होऊन बसली होती. मधल्या काळात जागा हवी म्हणून लोकांनी दुसरे खेळ, छायाचित्रे, कागदपत्रे काढली असतील, ती वेगळीच.

परत न येणारे खेळ

आता तिसऱ्या प्रश्नाकडे वळू. सप्टेंबर २००३ मध्ये व्हॉल्व्ह या अमेरिकन कंपनीने 'स्टीम' ही सेवा सुरू केली आणि हळूहळू खेळ दुकानातून आणण्याऐवजी इंटरनेटवरून उतरवून घेण्याची पद्धत पडली. तिने खेळ काढणे पुन्हा सोपे केले. काढलेल्या खेळाचे नाव आपल्या यादीत राहते आणि हवा तेव्हा तो पुन्हा उतरवता येतो. कागदी पट्टीच्या दिवसांसारखेच हे, फक्त पट्टी आपल्या खणात नसून कंपनीच्या खणात असते.

हा फरक किती मोठा आहे, ते २०१५ मध्ये दिसले. कोनामी या जपानी कंपनीने ऑगस्ट २०१४ मध्ये 'पी.टी.' नावाचा एक छोटा भयखेळ प्लेस्टेशन ४ या यंत्रासाठी मोफत दिला होता. एका मोठ्या खेळाची ती झलक होती. तो मोठा खेळ रद्द झाला आणि एप्रिल २०१५ च्या अखेरीस 'पी.टी.' दुकानातून काढण्यात आला. त्यानंतर ज्यांनी जागेसाठी तो काढून टाकला होता, त्यांना तो पुन्हा उतरवता येईना. ज्यांच्या यंत्रावर तो शिल्लक होता, त्यांची जुनी यंत्रे चढ्या किमतीला विक्रीला निघाली.

आणि हाती प्रत असूनही उपयोग होत नाही, असेही घडले. यूबीसॉफ्ट या फ्रेंच कंपनीचा २०१४ मधला 'द क्रू' हा मोटारशर्यतीचा खेळ चालायला कंपनीच्या सर्व्हरशी सतत जोडणी लागे. ३१ मार्च २०२४ रोजी सर्व्हर बंद झाले आणि ज्यांनी पैसे मोजून चकती घेतली होती त्यांच्याकडेही फक्त चकती उरली. यातून युरोपात ग्राहकांची चळवळ उभी राहिली. विकलेला खेळ पुढेही चालता ठेवावा या मागणीच्या अर्जावर जुलै २०२५ पर्यंत दहा लाखांहून अधिक सह्या झाल्या होत्या. कॅलिफोर्निया राज्याने २०२४ मध्ये कायदा करून, आपण वस्तू विकत नसून फक्त वापरण्याचा परवाना देत आहोत, हे ग्राहकाला स्पष्ट सांगण्याचे बंधन ऑनलाइन दुकानांवर घातले.

जुना डॉसचा आधारही आता राहिलेला नाही. इलेक्ट्रॉनिक डिस्कवर नवे लिहिण्यापूर्वी जुना मजकूर प्रत्यक्ष खोडावा लागतो. म्हणून फाइल पुसताच प्रणाली डिस्कला तसे कळवते आणि डिस्क सवडीने ती जागा खरोखर कोरी करते. विंडोजमध्ये २००९ पासून, सातव्या आवृत्तीत, ही व्यवस्था आली. पहिले अक्षर सांगून फाइल परत मिळण्याचे दिवस बहुतांशी संपले.

अमेरिकेतील व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशन या संस्थेने २०२३ मध्ये केलेल्या पाहणीत, २०१० पूर्वी त्या देशात प्रसिद्ध झालेल्या जुन्या खेळांपैकी ८७ टक्के खेळ आज बाजारात मिळत नाहीत, असे आढळले. खेळांची ही स्थिती आपल्याला परकी नाही. जुन्या नियतकालिकांचे अंक, शाळांची हस्तलिखिते, आकाशवाणीची ध्वनिमुद्रणे अशाच रीतीने नाहीशी होतात. कोणी मुद्दाम नष्ट करत नाही. जागा हवी असते, आणि दुसरीकडे एक प्रत असेलच असे प्रत्येकाला वाटते.

वर्गात काय करता येईल?

विंडोज संगणकावर कोणत्याही कप्प्याचे गुणधर्म उघडले, की 'आकार' आणि 'डिस्कवरील आकार' असे दोन आकडे दिसतात. पुष्कळ लहान फाइली असलेला एक कप्पा आणि एकच मोठी फाइल असलेला दुसरा, असे घेऊन विद्यार्थ्यांना फरक मोजायला सांगावे. खंडाचा आकार किती, हे त्यांना स्वतःच काढता येईल. 'एलिट'ची युक्ती तर फळ्यावरही करता येते. तीन संख्या घ्याव्यात, बेरजा करत जावे, प्रत्येक बेरजेतले शेवटचे दोनच अंक ठेवावेत आणि त्यांवरून गावांची नावे, लोकसंख्या ठरवावी. शेजारच्या वर्गाला फक्त तीन संख्या कळवाव्यात. तिथेही तोच जिल्हा उभा राहील.

आणि जागेसाठी खेळ काढायची वेळ आली, की आधी तीन गोष्टी पाहाव्यात. याची दुसरी प्रत कुठे आहे? ती कोणाच्या ताब्यात आहे? आणि मुलांनी त्यात जतन केलेली प्रगती कोणत्या कप्प्यात आहे? उत्तरे मिळाली की खेळ खुशाल काढावा. एखाद्या मुलाने स्वतः लिहिलेला छोटासा खेळ शाळेच्या संगणकावर असेल, तर मात्र त्याची प्रत कोणत्याही कंपनीकडे नसते. त्याला लागणारे चार-दोन किलोबाइट राखून ठेवण्याची जबाबदारी आपलीच आहे.